पडद्यामागची नदी

मोतीबागेच्या मैदानात, नवमीच्या रात्री,
रेल्वेचे बाबू खुर्च्यांवर, पडद्यापुढे.
आम्ही मागे. गँगमन, खलाशी, कोळसा उपसणारे,
आणि मी, पाचपावलीच्या कोष्ट्याचा पोरगा,
ज्याच्या बापानं तो पडदा विणला होता.
दोन पन्हे जोडलेले, मधोमध उभी शिवण.
तीन रुपये मजुरी अडकली होती.
खरं म्हणजे तीच मागायला आलो होतो.

हावडा मेलनं उतरलेली पत्र्याची पेटी,
सहा रिळं, खडूनं आकडे घातलेली.
सिनेमा बंगाली. जमीनदाराची मुलगी,
नावाड्याचा पोरगा, त्याच्यापाशी एक कंदील,
काच तडकलेली.
आणि नदी एवढी, की पलीकडचा काठ दिसेना.
आम्ही नाग नदी पाहिलेली माणसं,
खलाशी म्हणाला, हे तर तलाव आहे बाप्पा.

मागून सगळं उलटं दिसायचं.
नावाडी डावखुरा, पदर भलत्याच खांद्यावर.
अक्षर कळत नव्हतं, तरी कोणी उठत नव्हतं.

गार्ड लाहिरींची सुतपा पहिल्या रांगेतून उठली,
दवानं ओल्या चपला हातात घेऊन
आमच्या चटईवर येऊन बसली.
"काऊन रे, समजते का काही?"
"नाही."
"नाव काय तुझं?"
"दौलत. दौलत निनावे."
ती इतकी हसली की पुढून कोणीतरी खाकरलं.
"म्हणजे दौलत आहे, पण कोणाची, पत्ताच नाही!"

मग ती सांगत गेली, कानाशी, हळू.
तो म्हणते, नदीला जात नसते.
ती म्हणते, घाटाला असते ना.
हा मुनीम आहे, चांगला नाही, मिशीवरून कळतेच.
तिच्या केसांना खोबरेल आणि धूप,
माझ्या हातांना खळीचा वास.
मी हात मांडीखाली दाबून बसलो.

सहाव्या रिळात ती घाटावर, तो नावेत,
दोघांच्या मधून माझ्या आईनं घातलेली शिवण.
मुलगी काहीतरी बोलली, लांबलचक.
सुतपा थांबली थोडी.
मग म्हणाली, "ती म्हणते, मी येते.
कंदील विझवू नको."
नाव निघाली. त्यांच्या डावीकडे, आमच्या उजवीकडे,
पण दोघांच्याही पाचपावलीकडेच.

त्यानंतर कितीतरी रात्री
मागाजवळचा दिवा मी जळता ठेवला.
आई रॉकेलवरून ओरडायची.
माघात सुतपाचं लग्न झालं, खरगपूरला.
स्टेशनवर गेलो नाही. धोटा चालू होता.

बंगाली मी नंतर शिकलो,
धंतोलीतल्या मिठाईवाल्याच्या मुनीमाकडून,
दर रविवारी, त्याच्या वह्या शिवून देऊन.
कशासाठी, ते त्यानं कधी विचारलं नाही.
माग गेले, यंत्रमाग आले, तेही गेले.

परवा नातवानं मोबाइलवर तो सिनेमा काढून दिला.
तळहाताएवढी नदी.
नावाडी उजव्या हातानं वल्हं मारत होता.
पडद्याला शिवण नव्हती.
मुलगी घाटावर आली आणि म्हणाली, स्पष्ट,
मला शब्दन्‌शब्द कळला:
कंदील विझव. लोक बघतील.
तू जा, आणि या घाटाचं नाव विसर.

"काय म्हणते ते, आबाजी?"
"थांब," म्हटलं, "पुन्हा लाव."
त्यानं पुन्हा लावलं. ती पुन्हा तेच म्हणाली.

मग मी मोबाइल उलटा केला,
मागून पाहिला.
काळं झाकण, आणि त्यावर
पोराच्या बोटांचे तेलकट ठसे.